सोळा आणे कडू

खानदेशात जन्माला येऊन, खानदेशातच जेवून, ज्याने चाळीस वर्षांत एकाही पदार्थाला छान म्हटलं नाही आणि एकालाही वाईट म्हटलं नाही, असा माणूस आजवर एकच झाला आणि तो आमच्या घरात झाला. माझ्या थोरल्या आत्याचे ते यजमान, म्हणजे माझे आतोबा. धुळ्याच्या एका हायस्कुलात ते सायन्स शिकवायचे. मुलांनो, तुमच्या आईने, म्हणजे माझ्या लेकीने, तुम्हांला त्यांच्याबद्दल 'दारातच जीभ बाहेर काढायला लावणारे आजोबा' एवढंच सांगितलेलं आहे, असं परवाच्या पत्रावरून दिसलं. ते खोटं नाही. पण तेवढ्यावर तो माणूस संपत नाही, म्हणून जरा बैठक मारून, क्रमाने लिहिते आहे.

मी मूळची बोदवडची. मॅट्रिक झाले आणि धुळ्याला मुलींच्या शाळेत शिकवण्याची नोकरी लागली, तेव्हा राहायला आत्याकडे गेले. ही गोष्ट स्वातंत्र्याच्या दहा-बारा वर्षं आधीची. पहिल्याच संध्याकाळी आत्याने वांग्याचं भरीत आणि कळण्याची भाकरी वाढली. मी आतोबांना, बोलायचं म्हणून, "भरीत छान झालंय नाही?" असं विचारलं. त्यांनी घास तोंडात धरला, डोळे मिटले, मनात काहीतरी मोजलं आणि म्हणाले, "तिखट अकरा आणे. खारट चार. वांग्याच्या बियांचा कडवटपणा दीड आणा. छान म्हणजे किती?" आपल्याकडे पिकाची आणेवारी काढतात, सोळा आणे म्हणजे भरपूर आणि चार आणे म्हणजे दुष्काळ, तशी ते चवीची आणेवारी काढत. एकदा जळगावला नात्यातल्या एका लग्नात वधूपिता पंगतीतून हात जोडत फिरत होता. "जिलबी कशी झाली, मास्तर?" असं त्याने आतोबांना विचारलं. "गोड बारा आणे, आंबट अडीच, आणि तुपाला किंचित वास आहे, पण तो नाकाचा विषय, माझा नाही," असं उत्तर त्याला मिळालं. वधूपिता तसाच हात जोडून पुढच्या पानाकडे सरकला. आत्या पुढे वर्षभर त्या घरच्या बायकांना तोंड चुकवत होती. आतोबांना मात्र यात काही बिघडलं असं कधीच वाटलं नाही. त्यांच्या मते त्या माणसाने प्रश्न विचारला होता आणि प्रश्नाला उत्तर देणं हे शिक्षकाचं काम होतं.

घराच्या मागे, पूर्वी जिथे सरकीची पोती ठेवत, त्या खोलीत त्यांची प्रयोगशाळा होती. एक स्पिरिटचा दिवा, शाळेने मोडीत काढलेला एक तराजू, गाळण्याचा कागद, काचेच्या नळ्या आणि भिंतभर औषधांच्या रिकाम्या बाटल्या. त्या बाटल्यांत पाल्यांचे, सालींचे आणि मुळ्यांचे अर्क असत. या सगळ्याचा उद्देश एकच होता: माणसाच्या जिभेला लागणारी चव बदलून टाकणारं द्रव्य शोधायचं. असं काही असू शकतं हे त्यांना गुडमारच्या पाल्याने पटवलं होतं. हा वेल आपल्या सातपुड्यात होतो. त्याची दोन पानं चावली की अर्धा तास जिभेला गोड कळत नाही. साखर तोंडात टाकली तर वाळू खाल्ल्यासारखी लागते. आतोबा या पाल्यावर इतके खूष होते की त्यांनी तो एकदा शाळा तपासायला आलेल्या इन्स्पेक्टरसाहेबांना विड्याच्या आधी, 'तोंड स्वच्छ होतं' असं सांगून खायला दिला आणि मग पेढ्यांची बशी पुढे केली. साहेबांनी पेढा तोंडात टाकला, हेडमास्तरांकडे पाहिलं, रुमाल काढला आणि पेढा रुमालात ठेवून म्हणाले, "या शाळेत खडूला चांदीचा वर्ख लावतात काय?" हेडमास्तर घामाघूम झाले. आतोबांनी घड्याळ काढून, "अजून बावीस मिनिटं थांबा साहेब, परत गोड लागेल," असं त्यांना दिलासा दिल्यासारखं सांगितलं. त्या वर्षी त्यांची बढती झाली नाही. त्यांनी मात्र वहीत नोंद केली: 'बाहेरगावचा इसम, वय पन्नासच्या पुढे, गोड शून्य. परिणाम उत्तम.'

पण गोड मारून कुणाचं भलं होणार, असा प्रश्न त्यांना ज्या बाईने पाडला तिचं नाव रेलीबाई. सातपुड्याच्या पायथ्याशी तिचं गाव. डिंक, मध, मोळ्या असं काहीबाही घेऊन ती बाजाराला येई, मुक्काम लेकीकडे करी आणि आतोबांसाठी ओळखीचे-अनोळखी पाले घेऊन येई. अंगाने काटक, कपाळावर गोंदण, आणि बोलणं सरळ. एक दिवस पाल्याचं गाठोडं ओट्यावर टाकून ती म्हणाली, "भाऊ, तुम्ही गोड मारतस. त्याना काय उपेग? आम्हना गावमा पाऊस सरना की पोरेस्ले ताप येस. कोयनेल दिधं की थुकी टाकतस. मनी नात बी थुकी टाकस. कोयनेलनं कडूपन मारी असा पाला सापडी का?"

कोयनेल म्हणजे क्विनीन. हिवतापावर त्या काळी तेवढं एकच औषध होतं आणि त्याच्या पुड्या पोस्टातसुद्धा मिळत. औषध होतं, पुड्याही होत्या, आणि तरी दर वर्षी भाद्रपद-आश्विनात पायथ्याच्या गावांतून लहान मुलं जात, कारण ते औषध पोटापर्यंत पोचतच नसे. मोठा माणूस डोळे मिटून गिळतो. तीन वर्षांचं मूल थुंकतं. नाक दाबून घातलं तर ओकतं. रेलीबाईचा एक नातू आदल्याच वर्षी गेला होता. हे तिने त्या दिवशी सांगितलं नाही, नंतर आत्याला सांगितलं. आतोबांनी ओट्यावरचं गाठोडं उचलून आत ठेवलं. मग म्हणाले, "बाई, पुढचा ताप यायच्या आत तुझ्या नातीसाठी काहीतरी शोधतो. शब्द देतो." आत्या आतून ओरडली, "अहो, शब्द कसले देता, ते काय तुमच्या हातात आहे?" त्यावर ते म्हणाले, "हातात नाही. जिभेवर आहे."

त्या दिवसापासून आमच्या घरातल्या सगळ्या जिभा सरकारजमा झाल्या. दर रविवारी सकाळी परीक्षा. परीक्षक आम्ही तिघं: आत्या, मी, आणि शेजारचे मुनीमजी. हे मुनीमजी कापसाच्या एका जिनिंगमध्ये हिशेब लिहायचे. ते भित्रे होते, पण चहा मिळेल तिथे कुठल्याही शास्त्राची सेवा करायला तयार असत. पद्धत अशी: बाटल्यांवर नावं नाहीत, फक्त नंबर. कुठला नंबर कशाचा हे एका वहीत, आणि ती वही माझ्याकडे. आतोबांनी स्वतःसुद्धा ती रविवारी उघडायची नाही. "मला माहीत असलं तर माझा चेहरा सांगून टाकेल, आणि मुनीमजी माझा चेहरा बघून चव सांगतात," असं ते म्हणत. आधी अर्काचे तीन थेंब जिभेवर, मग वीस आकडे मोजायचे, मग ठरलेल्या मापाचं कोयनेलचं पाणी, मग आणे सांगायचे, मग चूळ भरून पुढची बाटली. माझं अक्षर नीट आणि मला रकाने आखायची हौस, म्हणून वही माझ्याकडे आली. मला ते नावाने हाक मारत नसत. "काय मॅट्रिक, नंबर लाव," असं म्हणत. मुलींनी शिकून काय करायचं असं उघड विचारणाऱ्या त्या काळात, एका मोठ्या माणसाने आपल्या आयुष्याच्या कामाची किल्ली माझ्यासारख्या एकोणीस वर्षांच्या मुलीच्या हाती दिली होती. त्याचा अभिमान मला तेव्हाही होता आणि आजही आहे. पुढे मी काय केलं ते सांगितल्यावर हा अभिमान किती शोभतो ते तुम्हीच ठरवा.

रविवारच्या परीक्षेसाठी शनिवारी दुपारपासून घरात मिरची बंद. खानदेशातल्या घरात! आत्या म्हणायची, "माझ्या माहेरी सुतकात पण ठेचा होता." मुनीमजी घरून गुपचूप ठेचा खाऊन येत, म्हणून मग दारातच जीभ तपासणी सुरू झाली, आणि 'जीभ दाखवा' हे आतोबांचं ब्रीद होऊन बसलं. पोस्टमन आला तरी आधी जीभ, मग पत्र. स्वतःच्या जिभेवर तर त्यांनी कधीच दया केली नाही. कुठलाही नवा कंद आधी स्वतः चावायचे. एकदा रानातलं कसलंसं सुरण कच्चंच चावलं आणि ओठ, गाल, जीभ सगळं सुजून बसलं. दोन दिवस त्यांनी वर्गात पाटीवर लिहून शिकवलं, आणि मुलं सांगत की ऑक्सिजन इतका चांगला आधी कधीच समजला नव्हता. घरी आल्यावर त्यांनी आत्याला पाटीवर लिहून दाखवलं: 'चव कळली नाही. पुन्हा पाहावे लागेल.' आत्याने ती पाटी पुसली आणि तो कंद मागच्या उकिरड्यात पुरला.

तेहतीस बाटल्या झाल्या. सगळ्या नापास. चौतिसावी बाटली एका मुळीची होती आणि तिच्याबद्दल आतोबांना फार आशा वाटे. तीन जिभा पुरे नाहीत, जास्त लोक पाहिजेत, असं त्यांच्या मनाने घेतलं. पण कडू खायला गल्लीतली माणसं बोलावणार कशी? त्यांना एकदम सुचलं की पाडवा आठ दिवसांवर आला आहे. त्या दिवशी सकाळी सगळेच कडुनिंब खातात. आपणच सगळ्यांना बोलावू, आधी चौतीस नंबरचे थेंब देऊ, मग नुसता निंबाचा पाला वाटून देऊ. गूळ नाही, ओवा नाही, काही नाही. असा दिवस वर्षात एकच.

पाडव्याला आमच्या ओसरीवर एकवीस माणसं जमली. गुढी उभी होती, रांगोळी होती, आणि मी नवं लुगडं नेसून वही उघडून बसले होते. एकेक जण आला, थेंब घेतले, वीस आकडे मोजले, पाल्याची गोळी चावली. आतोबा वाकून विचारत, "किती आणे कडू?" आणि प्रत्येक जण हसतमुखाने म्हणत होता, "काही नाही हो मास्तर." "छे, कुठं कडू?" मुनीमजी तर म्हणाले, "मास्तर, गोडच लागलं म्हणा ना!" एकाचंही तोंड वाकडं झालं नाही. मी शून्य, शून्य, शून्य असं लिहीत गेले. शेवटी माझी पाळी आली. मीही थेंब घेतले, पाला चावला. मुलांनो, तो पाला कडू होता. डोळ्यांत पाणी येईल इतका कडू होता. समोर आतोबा, बाजूला आत्या, वर गुढी, वर्षाचा पहिला दिवस. मी म्हणाले, "काही नाही, आतोबा," आणि स्वतःच्या नावापुढे माझ्या नीट अक्षरात शून्य लिहिलं.

त्या दिवशी ते नाचले. खरोखरच, ओसरीवर, धोतराचा सोगा हातात धरून. बढती हुकली तेव्हा न हललेला माणूस शाळेच्या मुलासारखा उड्या मारत होता. आत्या म्हणाली, "अहो, लोक बघतायत," पण तीही हसत होती. सुट्टी लागताच वैशाखात आतोबा, आत्या आणि मी निघालो: शिरपूरपर्यंत मोटारीने, पुढे बैलगाडीने. आतोबांच्या मांडीवर चौतीस नंबरची बाटली, नव्या बाळासारखी फडक्यात गुंडाळलेली.

रेलीबाईच्या अंगणात सगळं गाव जमलं. तिची नात मोठ्या डोळ्यांची, केसांना तेल नाही, आजीचं लुगडं घट्ट धरून उभी. आतोबांनी तिला प्रेमाने थेंब दिले, तिच्याबरोबर वीस आकडे मोजले आणि कोयनेलचं पाणी तोंडात घातलं. एक क्षण ती नुसती बघत राहिली. मग ते सगळं पाणी आतोबांच्या पांढऱ्या कोटावर आलं आणि तिने असा टाहो फोडला की बैल बिचकले. रेलीबाईने बाटली घेतली, स्वतः थेंब घेतले, कोयनेल चाखलं, आणि म्हणाली, "बठ्ठं कडू शे, भाऊ. सोळा आणा."

"पण बाई," आतोबा म्हणाले, "आमच्याकडे एकवीस माणसांना कडू लागलं नाही!"

"आते मी काय सांगू? मी खोटं काब्र बोलू?"

परतीच्या वाटेवर आतोबा कोटावरचा डाग ओल्या फडक्याने पुसत होते. अर्धा रस्ता सरल्यावर आत्या हळूच म्हणाली, "अहो, पाडव्याला निंबाला कडू म्हणायचं नसतं."

"म्हणजे?"

"म्हणजे नसतं म्हणायचं. वर्षाचा पहिला घास. तोंड वाकडं केलं तर वर्ष वाकडं जातं. आमच्याकडे तर लहानपणी पाठीत धपाटा बसायचा. गल्लीत सगळ्यांकडे तसंच आहे."

"तू मला आधी का नाही सांगितलंस?"

"तुम्ही विचारलंत, कडू किती. कडू म्हणायचं असतं का, हे कुठे विचारलंत?"

आतोबा मग माझ्याकडे वळले. माझी मान खाली होती. मी म्हणाले, "आतोबा, मला सोळा आणे लागलं होतं. मी शून्य लिहिलं." इंग्रजी शाळेत शिकलेली, रकाने आखणारी, जिच्यावर त्यांनी सगळ्यांत जास्त विश्वास टाकला होता ती मी. ते रागावले असते तर बरं झालं असतं. ते बैलांच्या शेपट्यांकडे बघत राहिले. घरी आल्यावर त्यांनी वही मागितली, पाडव्याच्या पानावर तिरकी रेघ मारली आणि खाली लिहिलं: 'चूक परीक्षकांची नाही. ज्या दिवशी खरं बोलता येत नाही तो दिवस मी निवडला.' सही केली आणि वही परत माझ्याच हातात दिली. "मॅट्रिक," ते म्हणाले, "एक नंबरपासून पुन्हा. पाऊस यायला दीड महिना आहे."

पुन्हा सुरुवात झाली, पण आता नवा नियम होता. आतोबांच्या लक्षात आलं होतं की दोष पाडव्याचा एकट्याचा नाही. आपल्याकडे दुसऱ्याच्या घरी हातावर जे पडेल त्याला नाव ठेवायचं नाही हे आईच्या दुधाबरोबर शिकवतात. मुनीमजींसारखा माणूस तर विषालाही 'जरा वेगळं आहे' म्हणाला असता. म्हणून परीक्षेला बसायच्या आधी प्रत्येकाने मोठ्याने, सगळ्यांसमोर, आत्याच्या स्वयंपाकाला एक नाव ठेवायचं. भिडेचं झाकण एकदा उडालं की जीभ खरं बोलते, असं त्यांचं शास्त्र होतं. पहिल्या रविवारी मुनीमजींना घाम फुटला. चारदा उपरणं झटकून ते म्हणाले, "वहिनी, माफ करा, पण तुमच्या शेवभाजीत... शेव जरा लवकर भिजते." आत्या कंबरेवर हात ठेवून म्हणाली, "आणि तुम्ही ती तीनदा मागून घेता ते?" पुढच्या रविवारपर्यंत मुनीमजींना त्याची गोडी लागली. डाळीला फोडणी उशिरा बसते, भाकरीच्या कडा जाड असतात, लोणच्याच्या बरणीला हिंग कमी पडतो; असं ते घरून आठवून, मुद्दे पाठ करून येऊ लागले. आत्याने एकदा लाटणं उगारलं. तेव्हा आतोबा म्हणाले, "मारू नकोस, त्यांची जीभ आता कुठे रुळावर येते आहे." रेलीबाईला हा नियम लागू नव्हता. तिला गरजच नव्हती. बाजाराच्या दिवशी ती यायची, थेंब घ्यायची, आणि आणे सांगून मोकळी व्हायची.

जिभा खऱ्या झाल्या आणि बाटल्या एकामागून एक पडल्या. चौतीस, पस्तीस, पन्नास, साठ. गोड मारणारे दोन पाले आणखी सापडले, जिभेला मुंग्या आणणारी एक साल सापडली. कडू मारणारं काही नाही. प्रत्येक पानाखाली आतोबांनी स्वतःच्या हाताने 'नाही' लिहिलं. कधी पेन्सिलीने लिहिलं नाही, नेहमी शाईने. पाऊस आला, श्रावण लागला. पांझरेला पूर आला, ओसरला. रेलीबाई येई, पाला टाकी, नातीबद्दल काही बोलत नसे. आतोबाही विचारत नसत. पण रात्रीच्या जेवणात त्यांनी आणे सांगणं बंद केलं, तेव्हा आत्या घाबरली.

शोध लागला तो बाटलीत लागला नाही. गोकुळाष्टमीच्या सुट्टीत मी, दुसरं काही सुचेना म्हणून, सगळ्या नोंदी नव्याने उतरवून काढत होते. इतके दिवस नोंदी बाटल्यांच्या नंबरांप्रमाणे होत्या. मी त्या तारखांप्रमाणे लावल्या. आणि माझ्या लक्षात आलं की काही रविवारी सगळंच कमी कडू होतं. दर वेळी आम्ही मधूनच एकदा, आधी कुठलाही अर्क न देता, नुसतं कोयनेलही चाखत होतो. तेसुद्धा इतर दिवशी सोळा आणे, आणि त्या ठरावीक दिवशी नऊ, दहा, कधी आठ. पाल्याचा संबंधच नव्हता. मग त्या दिवशी वेगळं काय? माझी एक सवय होती, कशाची पण नोंद करायची. चुळेचं पाणी कुणी भरून ठेवलं हेही मी समासात लिहीत असे, 'मी' किंवा 'आत्या'. त्या प्रत्येक दिवसापुढे 'आत्या' होतं.

मी वही घेऊन स्वयंपाकघरात गेले, आणि माझ्यामागे आतोबा.

"तू चुळेच्या पाण्यात काय घालतेस?" त्यांनी विचारलं.

आत्या भाकरी थापत होती. तिने मान वर केली नाही. "तुमच्या त्या पाल्यांनी सगळ्यांची तोंडं सोलवटली होती. मुनीमजींना घास गिळवेना. मिठाच्या गुळण्या बऱ्या, म्हणून घालते मूठभर. तुम्हांला सांगितलं असतं तर तुम्ही पाणी पण तपासत बसला असता."

"मीठ?" आतोबा म्हणाले.

"मीठ."

ते चुलीशेजारच्या पाटावर बसले. सातपुड्याच्या साठ मुळ्या आणि साली चावलेला तो माणूस मिठाच्या रांजणाकडे असा बघत होता, जणू बेपत्ता झालेलं माणूस आपल्याच माजघरातून चहा घेऊन बाहेर आलंय. नंतरचे दोन रविवार आम्ही फक्त मीठ तपासलं, नंबर लावून, कुणाला न सांगता, चिमटीच्या मापाने. मुनीमजींनी आधी आत्याच्या कढीला नाव ठेवलं आणि मग सांगितलं, "नऊ आणे." बाजाराच्या दिवशी रेलीबाईने चाखलं, जरा थांबली, पुन्हा चाखलं. "हाई कमी शे, भाऊ. आठ आणा." मग ती प्रथमच हसली.

कडूपणा पुरता जात नव्हता. मिठाने तो निम्म्यावर येत होता, इतकंच. आश्विनाच्या सुरुवातीला वाट गाडी जाण्याजोगी झाली तेव्हा आम्ही पुन्हा त्या अंगणात उभे होतो. या वेळी आतोबांनी मापं रेलीबाईच्या हातात दिली, स्वतः लांब राहिले. गावात ताप आलाच होता. नातीच्याही अंगात होता. रेलीबाईने मिठाचं पाणी आणि कोयनेल एकत्र करून तिच्या तोंडात घातलं. पोरीने तोंड वाकडं केलं. इतकं वाकडं केलं की मी दोन पावलं मागे सरले. तिने आतोबांच्या कोटाकडे बघितलं, तो कोट तिला ओळखीचा असावा. आणि मग तिने गिळलं. रेलीबाईने तिचं तोंड उघडून पाहिलं, रिकामं होतं. अंगणात पाच-सहा बाया आपापली पोरं कडेवर घेऊन उभ्या होत्या, त्या पुढे आल्या. आतोबा पाठ वळवून बैलांच्या मानेवर थोपटत उभे राहिले, ते बऱ्याच वेळाने वळले. "वहीत लिही मॅट्रिक," ते म्हणाले. "तोंड वाकडं. थुंकली नाही."

ती पोरगी जगली. पुढे तिच्या लग्नाला आत्या आणि आतोबा जाऊन आले आणि तिथल्या जेवणाचेही आतोबांनी आणे सांगितले. तालुक्याच्या एका डॉक्टरांना त्यांनी सगळं समजावलं, तेव्हा ते हसून म्हणाले, "मास्तर, मीठ? हे तर माझ्या आजीलाही माहीत असेल!" आतोबांनी शांतपणे विचारलं, "मग तुम्ही पोरांना का देत नव्हता?" त्यांचं नाव कुठल्या पुस्तकात आलं नाही. मी इंग्रजीत उतरवून दिलेला निबंध त्यांनी मुंबईला एका मासिकाकडे पाठवला, तो आभाराच्या चिठ्ठीसह परत आला. पण पायथ्याच्या त्या चार-पाच गावांत बाया कोयनेल मिठातून देऊ लागल्या, आणि त्यांना हे कुणी शोधलं ते माहीत नव्हतं. आतोबांना त्यात सगळ्यांत जास्त आनंद होता. "आजीलाही माहीत असेल, असं झालं म्हणजे काम पुरं झालं," असं ते म्हणायचे.

माझं लग्न होऊन मी जळगावला आले. देश स्वतंत्र झाला त्याच वर्षाच्या थंडीत आत्याचं बोलावणं आलं, म्हणून चार दिवस धुळ्याला गेले. आतोबा खूप खंगले होते, पण बसून जेवत होते. आत्याने मेथीची भाजी केली होती. मी पहिला घास घेतला आणि कळलं की भाजीत मीठच नाही. आत्याची नजर अलीकडे काम देत नव्हती, विसरली असणार. आतोबांनी घास तोंडात धरला, नेहमीप्रमाणे डोळे मिटले. आत्या ताटाशी वाकून उभी होती. मी आणे ऐकायची वाट पाहत होते. खारट शून्य, म्हणतील.

ते म्हणाले, "छान झालीय."

आत्या तिथेच खाली बसली. चाळीस वर्षांत जे ऐकायला मिळालं नव्हतं ते ऐकून तिच्या चेहऱ्यावर आनंद दिसला आणि लगेच भीती दिसली, कारण ती त्यांना ओळखत होती. त्यांची जीभ गेली होती का, की मीठ नसल्याचं कळूनही तसं म्हणाले, हे मला आजही माहीत नाही. मी विचारलं नाही. त्यांनी भाजी सगळी संपवली, आणखी मागून घेतली. फाल्गुनात ते गेले. पाडव्याच्या चार दिवस आधी.

ती वही माझ्याकडे आहे. तुम्ही आलात की दाखवीन. कागद पिवळा झालाय पण शाई पक्की आहे. शेवटच्या पानावर त्या थंडीतली नोंद मी माझ्या हाताने केली आहे: पदार्थ मेथीची भाजी, मीठ नाही. परीक्षक आतोबा. चव: छान. त्या वहीत माझ्या हातून खोटं एकदाच पडलं होतं, आणि ते त्यांनी खोडलं. या दुसऱ्या नोंदीला खरं म्हणायचं की खोटं ते मला ठरवता आलं नाही. शेऱ्याचा रकाना आखलेला आहे, तो मी रिकामा ठेवला आहे.